शेगडीचे हात

यूगो सुटल्याचा तिसरा दिवस होता. समुद्राकडून येणारा हा दमट वारा एकदा लागला की झालोवो गावातल्या माणसांची डोकी जड होतात, मीठ ओलं होतं, दारं फुगून चौकटीत अडकतात आणि नवरा-बायको एकमेकांशी कामापुरतंच बोलतात. आभाळ खाली आलेलं, समुद्र भांडी विसळलेल्या पाण्यासारखा. अशा मंगळवारी सकाळी साडेसातला योश्को श्कार्पा मैदानाच्या मागल्या खोलीत पालथ्या बादलीवर बसून चेंडूंत हवा भरत होता. चेंडू गुडघ्यांत धरायचा, पंपाची सुई थुंकीनं ओली करून आत घालायची, चार दट्टे मारायचे, अंगठ्यानं दाबून बघायचं. यूगोत चेंडू ओला होऊन मरगळतो, म्हणून एक दट्टा जास्त. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. पंधरा हंगामांत आपोआप आलं होतं.

खरं तर हे काम सामान सांभाळणाऱ्या बार्बा रोकोचं. केस पिकले की गावात प्रत्येक पुरुषाचा बार्बा, म्हणजे काका होतो. रोको मात्र तिशीतच झाला होता, त्याचं तोंडच तसं होतं. आता तो सत्तरीला आला होता आणि यूगोत त्याचे गुडघे धरायचे.

"किती झाले?" त्यानं दारातूनच विचारलं.

"चौदा."

"पुरे की. हंगाम संपला, आता काय चेंडूंची लग्नं लावायचीत?"

"एक रविवार आहे अजून."

"तुला काय त्याचं? तू बसणारच आहेस. बसायला हवा लागत नाही."

योश्को हसला नाही, रागावलाही नाही. पुढचा चेंडू घेतला.

तो सदतीस वर्षांचा होता आणि 'लांतेर्ना' क्लबचा राखीव गोलकीपर होता. बाकीच्या खेळाडूंचं बरं असतं. त्यांचे पाय थकतात, मग दुसऱ्या कुणाचे पाय आत जातात. गोलीचे पाय काही थकत नाहीत. तो जायबंदी झाला, नाहीतर पंचाच्या आईबद्दल काहीबाही बोलून बाहेर गेला, तरच राखीव गोलीला आत जायला मिळतं. पंधरा वर्षांत योश्कोला असं चार वेळा मिळालं होतं. पहिल्या वेळी अकरा मिनिटं, आणि त्यात चेंडूला हात लागला तो फक्त गोलकिकसाठी खाली ठेवताना. बाकीचे सगळे रविवार त्यानं बाकावर काढले, कोचपासून तिसऱ्या जागेवर, मांडीवर टॉवेल घेऊन. त्या प्लास्टिकला तुझ्या बुडाचा साचा पडलाय, असं रोको म्हणायचा.

त्याचं काम असायचं ते सामन्याच्या आधी. पाऊण तास पहिल्या गोलीला तापवायचं. आधी हातानं सोपे चेंडू, मग पायानं जवळून, मग लांबून, उंच, जमिनीलगत, शेवटी दोन-तीन मुद्दाम हलके, म्हणजे गोली खुशीत आत जातो. तापवतो म्हणून गावानं त्याचं नाव शेगडी ठेवलं होतं. कॉफीच्या दुकानावरून जाताना हाक यायची, "काय शेगडी, पेटली का?" त्याची बायको मार्येता हिला एकदा मासळीबाजारात कुणी 'शेगडीची बायको' म्हणालं, तेव्हा ती म्हणाली, "म्हणून तर थंडीत बरं पडतं. तुझ्या बायकोचं कसं चाललंय?" त्यानंतर बाजारात तो शब्द निघाला नाही.

तापवून झालं की कोच विन्को जवळ यायचा आणि योश्कोला एकच शब्द विचारायचा.

"हात?"

"आहेत," योश्को म्हणायचा.

गोलीचे हात त्या दिवशी जागेवर आहेत की नाहीत हे समोरून चेंडू मारणाऱ्याला आवाजावरून कळतं. हात असले की चेंडू तळव्यात एकच आवाज करतो: थप. नसले की दोन येतात: थप, आणि मागोमाग बारीकसा टप. सहा वर्षांपूर्वी राजधानीतून आणलेला एक नावाजलेला गोली होता. त्याला तापवून योश्कोनं विन्कोला सांगितलं, "नाहीत." विन्कोनं ते मानलं नाही. शेगडीला स्वतः आत जायचंय, असं सगळे हसले. त्या गोलीनं पहिल्या अर्ध्यात चार गोल खाल्ले, दोन तर सरळ हातातून सुटलेले. दुसऱ्या अर्ध्यात योश्कोला आत पाठवलं. तो त्याचा चौथा आणि शेवटचा सामना. संध्याकाळी कॉफीच्या दुकानावर लोक म्हणाले, शेगडीचीच दृष्ट लागली. पण तेव्हापासून विन्को विचारायचा आणि योश्को जे सांगेल ते धरून चालायचा. योश्कोनं एकदाही खोटं सांगितलं नव्हतं. क्लबात त्याच्या मालकीचं असं एवढंच होतं.

त्या मंगळवारी विन्को सरावाच्या आधीच मागल्या खोलीत आला. छत्री उलटी झालेली, केस कपाळाला चिकटलेले.

"कार्लोला दोन सामने बाहेर बसवलंय," तो म्हणाला. कार्लो म्हणजे पहिला गोली. परवा सामना संपल्यावर पंचाच्या आईबद्दल बोलला होता तोच. "रविवारी तू."

योश्कोनं दट्ट्या खाली नेला, वर आणला. "बरं."

"बरं काय? ऐकलंस ना?"

"ऐकलं, कोच."

"बरोबरी झाली तरी वरच्या गटात राहतो आपण. हरलो तर गेलो खाली."

"माहितीये."

विन्को गेल्यावर रोको दारातून आत आला. "मेल्या, जरा आनंद तरी दाखव. मला सुतकात आल्यासारखं वाटतंय."

योश्कोला आनंद झाला होता, पण तो कुठे ठेवायचा ते कळत नव्हतं. हंगामाबरोबर त्याचा करारही संपत होता आणि पुढचा होणार नाही हे त्याला मार्चमध्येच सांगितलं होतं. म्हणजे हा एकच रविवार. नव्वद मिनिटं, सुरुवातीपासून, गावाच्या मैदानावर. असं पंधरा वर्षांत एकदाही झालं नव्हतं. हा हुकला की पुढे काही नाही.

दुपारी तो घरी स्वयंपाकघरात बसून शेंगा सोलत होता. मार्येता कामावर होती. सासूबाई, पेरिना, स्टुलावर चढून कपाटावरची बरणी काढत होत्या. मिठात घातलेल्या तारल्यांची पाच किलोची काचेची बरणी. गेल्या उन्हाळ्यात घातलेली, अजून अर्धी भरलेली.

"उतरा खाली, मी काढतो," योश्को म्हणाला.

"तू बस. रविवारपर्यंत तू काही उचलायचं नाहीस. गावभर झालंय."

तेवढ्यात वाऱ्यानं खिडकीचं दार भिंतीवर आपटलं, सासूबाई दचकल्या आणि बरणी हातातून निसटली.

योश्को खुर्चीत नव्हताच. शेंगा, टोपली, टेबलाचा कोपरा, सगळं ओलांडून तो आडवा झाला आणि फरशीपासून चार बोटांवर बरणी त्याच्या हातात आली. वर मीठपाणी हिंदकळलं. उजवा हात खाली, बरणी आणि फरशीच्या मध्ये.

"फुटली?" सासूबाईंनी डोळे मिटूनच विचारलं.

"नाही."

"देवमाते!" त्यांनी छातीवर क्रूस काढला, खाली उतरल्या, आधी बरणीकडे पाहिलं. "टवकासुद्धा नाही उडाला! जावईबापू, आमच्या ह्यांनी चाळीस वर्षं मैदानावर काढली, असा झेल त्यांनीसुद्धा पाहिला नसेल."

"बोट," योश्को आडवा पडूनच म्हणाला.

"काय?"

"बोट गेलं माझं."

उजव्या हाताची अनामिका मधल्या पेरापासून भलतीकडेच बघत होती. सासूबाईंनी ती पाहिली आणि मटकन स्टुलावर बसल्या.

"मग सोडायची ना रे, गाढवा! तारल्या काय, आणखी घालीन. रविवार कुठून घालू?"

"हात गेला आपोआप."

"पंधरा वर्षं नाही गेला तो! आजच बरा गेला!"

योश्कोनं दात दाबून बोट सरळ केलं. त्याला राग आला नाही, आला तो शीण. पंधरा वर्षं तो या हातांना सांगत होता, तयार राहा, तयार राहा. आणि ते तयार राहिले होते, इतकंच झालं होतं.

"मार्येताला सांगू नका," तो म्हणाला.

"आणि कोचला?"

 तो फरशीवरच्या शेंगा डाव्या हातानं गोळा करायला लागला.

लांतेर्नात सकाळी आत आलं की प्रत्येकाशी हात मिळवायचा अशी रीत होती. कोचपासून ते घोटा धरून बसलेल्यापर्यंत, आदल्या दिवशी मारामारी झालेली असली तरी. हात न देणं म्हणजे तोंडावर थुंकणं. बुधवारी योश्को सगळ्यांना डावा हात देत फिरला. उजव्याला मलम लावलंय, वास येईल, म्हणाला. कुणी लक्ष दिलं नाही. रोकोनं दिलं. सगळे मैदानावर गेले तसं त्यानं खोलीचं दार लावून घेतलं.

"दाखव."

"काय?"

"मला डावा हात देणारा एकच माणूस होता, तो माझा मेव्हणा, आणि त्याला उजवा नव्हता. दाखव."

योश्कोनं दाखवला. बोट वांग्यासारखं झालं होतं. रोकोनं बरणीची गोष्ट ऐकली, एकदा हसायला तोंड उघडलं, आणि मिटलं. मग त्यानं पांढरी पट्टी काढली आणि ते बोट मधल्या बोटाला बांधून टाकलं, घट्ट, वर हातमोजा चढेल असं.

"कोचला सांगू नकोस," योश्को म्हणाला.

"मी चेंडू वाहतो. सांगायचं काम माझ्याकडे नाही. तू सांगणार आहेस?"

"तुला काय वाटतं?"

"वाटायचं कामही माझ्याकडे नाही," रोको म्हणाला. पट्टीचं टोक त्यानं दातानं तोडलं. "पण तू खेळलास तर मी त्या दिवशी दारात उभा राहून बघेन. एवढी वर्षं मी सामना बघितलेला नाही, माहितीये ना? मोजे धुतोय."

योश्को खेळला नाही तर आत जाणार होता इगोर, तिसरा गोली. सव्वीस वर्षांचा, पूर्वेकडच्या मैदानी मुलखातला, जिथं वारा म्हणजे मक्याची पानं हलवायला असतो. हिवाळ्यात इथे आलेला, अजून एकही सामना न खेळलेला. यूगोत त्याला रोज डोकेदुखीची गोळी लागायची आणि समुद्राकडून येणारा उंच चेंडू त्याला कधी नीट समजायचा नाही. गुरुवारी, शुक्रवारी योश्कोनं हातमोजा चढवूनच सगळ्यांना उजवा हात दिला. बचाव करणारा एक दांडगा गडी जोरात हात दाबायचा, त्यानं दाबला तेव्हा घेरी आलेला योश्को म्हणाला, "कसा आहेस?" सरावात तो चेंडू पकडायच्या ऐवजी मनगटांनी बाहेर घालवत होता. ओला आहे, कोण पकडतंय, असं म्हणत होता.

आणि गाव. गाव पेटलं होतं. कॉफीच्या दुकानावर कुणी आता टोमणा मारत नव्हतं, उठून उभे राहत होते. "शेगडी, रविवारी भाजून काढ त्यांना!" खाटकानं यकृताचा तुकडा बांधून दिला, हे खा, ताकद येते. सासूबाईंनी केस रंगवून घेतले. नवरा गेल्यापासून त्या मैदानावर गेल्या नव्हत्या. रात्री मार्येता म्हणाली, "तू झोपेत हात वर करतोस." तिला बहुतेक कळलं होतं. तिनं विचारलं नाही.

शनिवारी शेवटचा सराव हलका होता. पाऊस नव्हता, वारा होता. इगोर चेंडूंची जाळी घेऊन आला आणि जरा लाजत म्हणाला, "दादा, आज मी तापवतो तुला."

योश्को गोलमध्ये उभा राहिला. पंधरा वर्षांत कुणी त्याला असं तापवलं नव्हतं. समोरून सोपा चेंडू आला, तळव्यात बसला.

थप. टप.

दुसरा. तिसरा. त्यानं कोपर सैल सोडून पाहिलं, डावा हात पुढे घेऊन पाहिलं, श्वास रोखून पाहिलं. थप, टप. थप, टप. लांबून मारलेला चौथा हातांत आला आणि बोटांतून घरंगळून गुडघ्यावर पडला. तो आवाज त्यानं आयुष्यभर दुसऱ्यांच्या हातांत ऐकला होता.

"मस्त, दादा!" इगोर ओरडला.

"मस्त कसलं? ऐकू येत नाही?"

"काय ऐकायचं?"

इगोरला खरंच ऐकू येत नव्हतं. तिथं ऐकू येणारा माणूस एकच होता.

पाऊण तासानं विन्को आला, सवयीनं, मान खाली घालून, पायांनी गवत उडवत. सवयीनंच योश्कोजवळ थांबला आणि म्हणाला, "हात?" मग त्याच्या लक्षात आलं आणि तो हसला. "अरे, आज तर तुझेच! तुझे तुलाच विचारतोय!"

इगोर हसला, पलीकडे दोघं-तिघं हसले. रोको रेषेबाहेर जाळी घेऊन उभा होता, तो हसला नाही. योश्कोनं नुसतं एकदा हसायचं होतं. विन्को पुढे निघून गेला असता. उद्या नऊ बोटांनी, मनगटांनी, छातीनं, काहीतरी झालं असतं. झालं नसतं तरी सामना त्याचा झाला असता.

"नाहीत," योश्को म्हणाला.

"काय?"

"हात नाहीत, कोच."

विन्कोला ती थट्टा वाटली. योश्कोनं हातमोजा दातांत धरून ओढून काढला, पट्टी सोडली. विन्को बोटाकडे बघत राहिला.

"कधीपासून?"

"मंगळवार."

"मंगळवार! आणि आज सांगतोस?"

"तुम्ही आज विचारलंत."

बरणीची गोष्ट ऐकून विन्कोनं मग जे तोंड सोडलं त्यात योश्कोची आई, बरणी, तारल्या, यूगो आणि झालोवोच्या वेशीवर पाटी लावणारा माणूस, सगळे आले. चार दिवस! चार दिवस इगोरला तयार करता आला असता! योश्को ऐकत उभा राहिला. त्यात खोटं काही नव्हतं. चार दिवस त्यानं ते सगळ्यांपासून चोरून ठेवलं होतं.

"दुसरा गोली नाही मला," शेवटी विन्को थकून म्हणाला. "उद्या बाकावर बस. याला काही झालं तर एका हातानं जाशील."

"जाईन."

"आणि याला तापव."

रविवारी योश्कोनं इगोरला तापवलं. तासभर, पायांनी आणि डाव्या हातानं. समुद्राच्या बाजूनं उंच चेंडू मारत राहिला, पुन्हा पुन्हा. "थांब. अजून थांब. यूगोत तो उशिरा उतरतो. तुला वाटतं आला, आणि तो विचार करत बसलेला असतो. आता! हां." इगोरचे हात सुरुवातीला दोन आवाज करत होते. अर्ध्या तासानं एक व्हायला लागला. लोकांना बातमी कळली होती, बाकाच्या मागून कुणीतरी ओरडलं, "बरणीला कशाला नडलास रे, शेगडी!" आणि सगळा कठडा हसला. सासूबाई रंगवलेल्या केसांवर रुमाल बांधून दुसऱ्या रांगेत बसल्या होत्या. त्या मागे वळल्या. "माझी बरणी होती ती. आता बोल." 

"हात?" विन्कोनं विचारलं.

"आहेत," योश्को म्हणाला, आणि बाकावर जाऊन तिसऱ्या जागेवर बसला.

पहिल्या अर्ध्यात इगोरनं तरीही एक खाल्ला. समुद्राकडून आलेला उंच चेंडू, तो लवकर उडाला. दुसऱ्या अर्ध्यात लांतेर्नानं एक फेडला. मग दहा मिनिटं उरलेली असताना इगोर कुणाच्या तरी गुडघ्यावर आदळला आणि उठला नाही. विन्कोनं नुसती मान वळवली. योश्कोनं जाकीट काढलं. डावा हातमोजा चढला. उजवा चढेना, त्यानं तो दातांत धरला आणि सुजलेलं बोट आत रेटलं, डोळ्यांत पाणी आलं, रेटलं. उभा राहिला. दारात रोको दिसला, हातात ओले मोजे, बघत होता.

इगोर उठला. मान हलवली, हात वर केला, ठीक आहे.

योश्को पुन्हा बसला. मोजा काढताना घालतानापेक्षा जास्त दुखलं.

शेवटच्या मिनिटांत समुद्राकडून एक कॉर्नर आला, वर जाऊन वाऱ्यात अडकून राहिला. योश्को बाकावरून पुटपुटला, थांब. इगोर थांबला. मग उडाला, आणि एवढ्या गोंगाटातही योश्कोला तो आवाज ऐकू आला. एकच.

बरोबरी. लांतेर्ना वरच राहिला. इगोरला खांद्यांवर घेऊन लोक चौकाकडे गेले. विन्कोनं जाताना योश्कोसमोर हात केला, त्याच्या लक्षात आलं, आणि त्यानं हात बदलून डावा दिला.

मैदान रिकामं झालं. सासूबाई कठड्यापाशी थांबल्या होत्या, पिशवीतून पाव काढत. "घे. तारल्या आहेत. खा आता, एवढ्या महागात पडल्यात."

त्यानं उभ्या उभ्या दोन घास खाल्ले. खारट होत्या, चांगल्या मुरल्या होत्या.

"चांगल्या झाल्यात," तो म्हणाला.

"होणारच," त्या म्हणाल्या. "मार्येता गाडीत बसलीये. ये लवकर, बोट दाखवायला जायचंय."

रोको जाळी ओढत आला. "तेराच आहेत. एक वाऱ्यानं नेला बघ, किनाऱ्यावरच्या झुडपांपलीकडे, पाण्याकडे."

"आणतो," योश्को म्हणाला. उरलेला पाव खिशात टाकला, उजवा हात छातीशी धरला आणि चेंडू आणायला कुंपण ओलांडून खाली उतरला.